झेंडीचा हात

"न्हाई गं, ह्यो आमचा माणूस न्हाई," धोंडाबाई म्हणाल्या आणि चष्मा पदराने पुसून पुन्हा लॅपटॉपवर वाकल्या.

चैतालीचा चेहरा उतरला. टीव्हीसाठी घाटातल्या रेल्वेवर माहितीपट होत होता आणि त्यासाठी जुन्या फिल्मा शोधायचं काम तिच्याकडे होतं. एका डब्यावर 'अंबाजी, गँगमन, खंडाळा' एवढंच लिहिलेलं सापडलं, म्हणून ती इथवर आली होती. तुकडा सोळा सेकंदांचा. धोंडाबाईंच्या घरामागच्याच रुळांवर एक तरुण येणाऱ्या गाडीला झेंडी दाखवतो.

अंबाजींना जाऊन एकवीस वर्षं झाली होती. भिंतीवर रेल्वेच्या पासवरून मोठा केलेला त्यांचा फोटो होता. त्यात ते ना चालत, ना हसत. आज नवरा चालताना दिसणार म्हणून धोंडाबाई सकाळपासून ठेवणीतलं लुगडं नेसून बसल्या होत्या.

"आजी, नाक तर फोटोतल्यासारखंच आहे."

"नाक हाय. हात न्हाई. आमचा माणूस डावरा. सायब लय वरडायचा, झेंडी उजव्या हातात धर म्हून. ह्येंनी कवा ऐकलं?"

चैतालीने तुकडा पुन्हा सुरुवातीला नेला.

"चूक माझी आहे, आजी. फिल्म इतकी जुनी की सुलटी बाजू कुठली ते कळेना. झेंडी डाव्या हातात दिसली, तेव्हा मला वाटलं फिल्मच उलटी आहे. माणसं बहुतेक उजवीच असतात ना! म्हणून मीच चित्र आरशासारखं फिरवलं."

"मग फिरीव की माघारी. बसलीस काय?"

तिने चित्र फिरवलं. झेंडी डाव्या हातात गेली. मागच्या डोंगरानेही बाजू बदलली आणि दारातून दिसणाऱ्या नागफणीच्या सुळक्याशी त्याचा उतार नेमका जुळला. चैतालीने दोनदा ताडून पाहिलं. धोंडाबाईंनी डोंगराकडे पाहिलंही नाही.

गाडी गेली. अंबाजींनी झेंडी गुंडाळून काखेत मारली, ते चार पावलं चालले आणि हसले.

"आत्ता बया! कसे हसत्यात बघ, मेले दात काढून," धोंडाबाई म्हणाल्या. मग पडद्यावरची नजर न काढता पुटपुटल्या, "लय उपकार झाले, पोरी."

"उपकार तुमचे, आजी. नाहीतर टीव्हीवर आजोबा उजवेच राहिले असते."

धोंडाबाईंनी संमतीच्या कागदावर सावकाश सही केली आणि चहा टाकला. चैताली लॅपटॉप मिटायला लागली, तशा त्या आतूनच म्हणाल्या, "ऱ्हाऊ दे तसाच."

त्या तीन कप घेऊन आल्या. एक चैतालीपुढे ठेवला, एक स्वतःला घेतला. तिसरा लॅपटॉपपुढे ठेवला आणि त्या कपाचा कान हळूच अंबाजींच्या डाव्या हाताकडे वळवला.