दोन विसा माणसं

विजयालक्ष्मीबाई खोटं एक अक्षर बोलल्या नव्हत्या, हे आधीच सांगितलेलं बरं. खरं सांगायचं तेवढं राहून गेलं, तेही मुद्दाम.

टोरोंटोतल्या नॉर्थ यॉर्कच्या मराठी ज्येष्ठ मंडळाचे सेक्रेटरी नंदकुमार यांनी कार्यक्रमाचं आमंत्रण देताना फोनवर विचारलं, "ताई, तुमचा विषय काय?" बाई म्हणाल्या, "माया. बारा वर्षं त्यातच आहे." आता बाई पडल्या पुरातत्त्ववाल्या. ग्वाटेमालाच्या रानात माया लोकांची पडकी शहरं उकरायची आणि त्यांवर माहितीपट काढायचे, हा त्यांचा उद्योग. नंदकुमार मात्र भारावले. दुसऱ्या दिवशी व्हॉट्सॲपवर पोस्टर आलं: 'माया: प्रवचन. ह.भ.प. विजयालक्ष्मी, हॅमिल्टन.' बाई पोट धरधरून हसल्या आणि गप्प बसल्या.

गप्प बसायला कारण होतं. चॅनलच्या निकोलने अट घातली होती, की या विषयातलं ओ की ठो न कळणाऱ्या चाळीस माणसांनी फिल्म शेवटपर्यंत बघितली पाहिजे, नाहीतर ती कपाटात जाणार. तीन वर्षांची मेहनत होती हो! आणि दगडधोंड्यांची फिल्म बघायला टोरोंटोत चाळीस माणसं आणायची कुठून? प्रवचनाला लोक बर्फ तुडवत येतात.

शनिवारी दुपारी साठ जण आले. हार आला, समई आली. निकोल मागच्या रांगेत बसली. ती मूळची वसईकडची, मराठी सगळं कळायचं. दिवे मालवले आणि पडद्यावर पिरॅमिड आला.

"हे कुठलं देऊळ म्हणायचं?" भाऊसाहेब कुजबुजले. दहा मिनिटांत ते उठले, पाठोपाठ सीमाताई, मग जॅकेट-बूट चढवायची झुंबडच उडाली. पितळ उघडं पडलं होतं.

तेवढ्यात पडद्यावर माया आकडे आले. बाईंनी फिल्मचा इंग्रजी आवाज बंद केला आणि स्वतःच मराठीत सुरू झाल्या. "हे लोक वीस-वीस करून मोजायचे. हातांची बोटं आणि पायांची बोटं."

"अगं, म्हणजे विसा!" पुढच्या रांगेतले बापू ओरडले. "माझी आई आंबे असेच मोजायची. मी चार विसा नि चार वर्षांचा. लिही बघू त्यांच्या लिपीत!"

बाईंनी फळ्यावर वर चार टिंबं काढली विसांची, खाली चार सुट्यांची. बापूंनी टाळीच वाजवली. दारापर्यंत गेलेले काहीजण परत फिरले. ज्याला त्याला आपलं वय लिहून हवं होतं.

"शेवटपर्यंत बसेल त्यालाच मिळेल," बाईंनी डाव टाकला. "बायकांनी कानात सांगितलं तरी चालेल."

फिल्म संपली. निकोलने माणसं मोजली, पुन्हा मोजली. "थर्टी-नाइन. आय ॲम सो सॉरी, विजया."

बाईंना रडूच फुटलं. "यातलं काही न कळणारी चाळीस माणसं हवी होती, सगळं एका माणसासाठी गेलं!"

बापू काठी टेकत निकोलपाशी आले. "पोरी, दहा जण नदी उतरले. पलीकडे जाऊन जो तो मोजतो, तर नऊच. दहावा बुडाला म्हणून सगळे गळा काढून रडायला लागले."

"मग?"

"मोजणारा स्वतःला धरायचंच विसरत होता. तू फिल्म कुठं बसून बघितलीस?"

निकोलने आपल्या खुर्चीकडे बघितलं.

"आणि या विषयातलं तुला काय कळतं?"

"नथिंग," निकोल म्हणाली आणि खो खो हसत सुटली. "ओके, ओके. फॉर्टी."

"दोन विसा," बापूंनी दुरुस्त केलं.

नंदकुमार हार घेऊन बाईंकडे निघाले होते, ते मध्येच थबकले. "ताई, प्रवचन झालं, पण पोस्टरात नाव चुकलं बघा," ते म्हणाले आणि त्यांनी हार बापूंच्या गळ्यात घातला.