कोटेकाळी जातीची शेवटची जोडी

मित्रांनो, आमची कोटेकाळी जात गेल्या सोमवारी संपली. ते सध्या बाजूला ठेवू. काहीच घडलेलं नाही असं धरून सुरुवात करते.

मी एक म्हातारी डुकरीण आहे. रंग काळा, कान इतके लोंबते की समोरचं जग मला कधी पुरतं दिसलं नाही. त्यात फारसं नुकसान झालं असं वाटत नाही. म्हैसूरजवळच्या एच. डी. कोटेच्या रानात नाचणीच्या पेरणीआधी आमचे पूर्वज शेत उकरून लव्हाळ्याच्या गाठी खाऊन टाकत. नांगराच्याही आधी आम्हाला बोलावणं येई. मग पांढरी विलायती डुकरं आली. ती सहा महिन्यांत वजनाला भरत, आम्हाला दीड वर्ष लागे. लोकांना घाई होती. शेवटी म्हैसूरबाहेर तुकोजीरावांच्या शेडमध्ये दोघंच उरलो: मी आणि सरदार, आमचा नर.

तुकोजीरावांचे पणजोबा म्हैसूरच्या फौजेत होते. त्यामुळे साहेब येणार म्हटलं की घरात सगळं शिस्तीत लागे. यंदा त्यांनी म्हैसुरातल्या नजरबादच्या पशुसंवर्धन कचेरीत अर्ज केला, की आमच्या जातीची नोंद व्हावी आणि वंश वाढवायला मदत मिळावी. डॉक्टर शरण्या मंगळवारी जोडी बघायला येतील, असं उत्तर आलं.

सरदार मात्र अनोळखी माणसाच्या अंगावर धावून जाई.

"मॅडमना ढुशी मारली तर?" तुकोजीराव बायकोला म्हणाले.

"सुम्ने, नुसतं बांधून ठेवा की," सुमित्राबाई म्हणाल्या.

"साहेबांपुढे बांधलेला दाखवू? फौजेतलं घर आहे आपलं."

सोमवारी त्यांनी माणूस बोलावून सरदारला खच्ची करून घेतलं. मंगळवारी तो न्हाऊन, तेल लावून, अगदी सभ्यपणे उभा होता.

मॅडमनी वाकून बघितलं. बराच वेळ बघितलं.

"हे कधी केलंत?"

"कालच, मॅडम. तुमच्यासाठी."

"आता पिलं कशी होणार, तुकोजीराव?"

"सरकारकडे असेल की दुसरा एखादा नर."

"हाच होता."

सुमित्राबाईंनी मॅडमसाठी आणलेला मल्लिगेचा, म्हणजे मोगऱ्याचा, हार सरदारच्या गळ्यात घातला. त्याने तो खाल्ला.

तेव्हापासून तुकोजीराव रोज सकाळी शेडच्या दारात छाती पुढे काढून उभे राहतात, सरदार धावून येईल म्हणून. तो मान वर करतो आणि परत झोपतो.

मित्रांनो, एखादी गोष्ट जपायची असेल तर ती कधीतरी अंगावर येईल. येऊ द्या.

सबब कचेरीस नम्र विनंती की, एक नर, रंग काळा, कान लोंबते, वय कितीही, माझ्याकडे पाठवावा. उपलब्ध नसल्यास तसे कळवू नये.