हेलन मॅडमचा उखाणा

आमच्या सासूबाई, प्रयागबाई, एकदा नाही म्हणाल्या की ब्रह्मदेव आला तरी हो म्हणायच्या नाहीत. हेलन मॅडमच्या सत्काराच्या सकाळीही तेच.

"मी येती मांडवात. मागं बसती. पन स्टेजवर न्हाई. मॅडमची ओटी सवाष्णीनंच भरायची. येवढ्या चांगल्या बाईला माझा अपशकुन कशाला?"

मामंजींना जाऊन दोन वर्षं झाली होती. मी चिडले. गावात दुसऱ्या कुणाचा काय अधिकार होता हेलन मॅडमची ओटी भरायचा? पण सासूबाईंनी पदर खोचला आणि भाकरी थापायला घेतली. विषय संपला.

शहाण्णव साली मॅडम महाळुंगे पडवळला पहिल्यांदा आल्या, तेव्हा त्या इंग्लंडातल्या दुकानांच्या एका मोठ्या कंपनीत फळांची खरेदी बघायच्या. त्यांना पसंत पडली तर आमच्या पॅकहाऊसची द्राक्षं विलायतेला जाणार होती. मी नवी सून, जुन्नरच्या कॉलेजातून इंग्रजी घेऊन बी.ए. झालेली, म्हणून मला दुभाषी केलं. पुढाऱ्यांनी मॅडमना शीतगृह दाखवलं, काटा दाखवला, चहा पाजला. सगळं बघून झाल्यावर मॅडमनी एकच विचारलं, "इथं एवढ्या बायका काम करतात. त्या लघवीला कुठं जातात?"

मी ते मराठीत सांगितलं आणि सगळे टोपीवाले जमिनीकडे बघायला लागले. बायका उसात जायच्या, तेही अंधार पडल्यावर. दिवसभर घोटभर पाणी प्यायच्या नाहीत.

मॅडम म्हणाल्या, "आधी संडास, मग द्राक्षं."

"द्राक्षं काय संडासात पिकत्यात का राव?" सावळेराम पुटपुटला. तो तेव्हा पॅकहाऊसचा चेअरमन होता. मी तेवढं भाषांतर केलं नाही. पण महिन्याच्या आत संडास उभे राहिले, दाराला आतून कडीसुद्धा.

सासूबाई तिथं बायकांच्या मुकादम होत्या. मॅडम दुसऱ्यांदा आल्या तेव्हा त्यांनी मॅडमना पाटावर बसवलं, ओटी भरली आणि फर्मावलं, "आता नाव घ्या." मी बसल्या बसल्या एक उखाणा जुळवला, मॅडमकडून घोकून घेतला, आणि त्यांनी पॅन्टवर खण-नारळ सावरत तो म्हटला: "द्राक्षाच्या घडाला मण्यावर मणी, आर्थररावांचं नाव घेते, ऐका सगळ्याजणी!" बायका हसून हसून आडव्या झाल्या. त्या दिवसापासून हेलन मॅडम आमच्या झाल्या.

त्यांचं पुढचं सगळं आम्ही घरच्या माणसाचं ऐकावं तसं ऐकलं. बाई सोळाव्या वर्षी त्याच कंपनीच्या दुकानात गल्ल्यावर बसायला लागली होती. पुढं डायरेक्टर झाली, मग सगळ्या कंपनीची मुख्य. आणि दोन हजार सात साली बातमी आली की त्यांना विलायतेच्या संसदेत, लॉर्डांच्या सभागृहात घेतलं. सावळेराम एव्हाना सरपंच झाला होता. त्यानं लगेच गुलाल मागवला.

"किती मतांनी आल्या?" त्यानं मला विचारलं.

"निवडणूक नसते त्याला. काम बघून नेमतात. जन्मभर मेंबर."

"म्हंजे आपल्या विधान परिषदेवानी. पन रिटायर करतच न्हाईत? लई भारी!" गुलाल मागवला तो मागवलाच.

त्यानंतर मॅडम भारतात आल्या आणि आवर्जून गावात आल्या. मांडव, बॅन्ड, फेटा, सगळं झालं. केस पांढरे झाले होते, चेहरा उतरला होता. त्यांची नजर गर्दीत कुणाला तरी शोधत होती. कुणाला ते मला माहीत होतं. सासूबाई मागं खांबाला टेकून बसल्या होत्या.

सरपंचाची बायको सरूबाई खण-नारळ घेऊन पुढं झाली. समोरच्या बायका ओरडल्या, "मॅडम, आधी नाव घ्या!"

मॅडम हसल्या नाहीत. हळू आवाजात माझ्याशी बोलल्या. ते माईकवर सांगणं भाग होतं.

"मॅडम म्हणतात, आर्थर मागच्या पावसाळ्यात वारले. ते असते तर आज इथं आले असते."

सरूबाईचे हात तिथंच थांबले. तिनं नवऱ्याकडे बघितलं, मग नारळाकडे, आणि एक पाऊल मागं सरकली. मॅडम पदर पसरावा तसा हातातला रुमाल पसरून उभ्या होत्या. रुमाल रिकामा. त्यांना काही कळेना, आणि मला शरमेनं मेल्याहून मेल्यासारखं झालं. जिनं ह्याच बायकांची लाज राखली, तिला आम्ही भर मांडवात असं उभं केलं होतं.

तेवढ्यात मागून आवाज आला, "बाजूला सर गं!"

सासूबाई बायकांच्या मधून वाट काढत आल्या. पायऱ्या चढून त्यांनी सरूबाईच्या हातातून ताट घेतलं.

"नवरा गेला म्हणून बाईनं केलेलं वाया जातं व्हय? ही बाई व्हती म्हणून तुमी पानी प्यायला लागल्या. इसारल्या?"

त्यांनी मॅडमच्या रुमालात खण घातला, तांदूळ घातले, नारळ ठेवला. कुंकवाची कोयरी उचलली, क्षणभर थांबल्या, आणि ठसठशीत कुंकू लावलं. मॅडमनी नारळ छातीशी धरला आणि कुणी न सांगता, मोडक्यातोडक्या मराठीत तोच उखाणा म्हटला. आर्थररावांपाशी अडखळल्या, पण शेवटपर्यंत म्हटला.

मग त्यांनी त्याच कोयरीत बोट बुडवलं आणि सासूबाईंच्या कोऱ्या कपाळाला लावलं.

सासूबाई दचकल्या. हात कपाळाकडे गेला, पण पुसायला नाही. माईक माझ्या हातात होता. मी तो त्यांच्यापुढं धरला. विधवेला कुणी नाव घ्यायला सांगत नाही. मीही सांगितलं नाही, नुसता धरला.

"मॅडमच्या ओटीला नारळ न् खण," सासूबाई म्हणाल्या आणि थांबल्या. "चांगदेवरावांची हाय मला रोज आठवन."