बावीसपैकी बावीस

काडी पुढं निघून गेली होती आणि आवाज मागंच राहिला होता... खराट्याची वीतभर काडी, टोकाला चावून चावून मऊ झालेली. सिंधूनं ती ओळींखालून सरकवत पार पानाच्या तळाशी नेली होती, आणि तोंडून म्हणत होती त्या धड्यातली चिमणी मात्र अजून घरट्याच्या काड्याच गोळा करत होती. पंचशीलाबाईनं काडीकडं पाहिलं, मग पोरीच्या तोंडाकडं, मग पुन्हा काडीकडं. एक शब्द चुकत नव्हता. चौथीतली सगळ्यात हुशार पोरगी, खाडखाड वाचणारी.

वाचणारी कसली!

तीन वाजता विस्तार अधिकारी किशनराव तपासणीला यायचे होते. जिल्हा होऊन चारच वर्षं झालेली. लातूरची कचेरी नवी, शिक्के नवे आणि साहेबांची हौसही नवी – वर्गात वाचता येणारी मुलं किती, ते बाईनं स्वतःच्या सहीनं लिहून द्यायचं. मुख्याध्यापक अमृतरावांनी सकाळीच तिच्या तक्त्यात शिसपेन्सिलीनं ‘बावीसपैकी बावीस’ लिहून ठेवलं होतं, तिनं शाईनं नुसतं गिरवायचं. निकाल असा आला तर उदगीरच्या बदलीची शिफारस करतो, हे साहेब मागल्या खेपेला चहा पिता पिता बोलून गेले होते. उदगीरला नवरा, आणि पाच वर्षांचा मुलगा – शनिवारी ती घरी गेली की आधी तो रुसून बसतो, बोलायला लागतो तोवर सोमवारची गाडी लागलेली असते... आणि ही काडी नेमकी आजच दिसायची होती!

खरं तर कालच दिसायला हवं होतं. बुधवारचा पाण्याचा टँकर शुक्रवारवर गेला, तसा कागद सोमवारी ग्रामपंचायतीनं शाळेच्या दारालाच चिकटवला होता, आणि काल बुधवारी अर्धा वर्ग घागरी घेऊन पारापाशी उन्हात उभा. मोठ्यांचं एक वेळ सोडा, पण ही बावीस लेकरं तीन दिवस त्याच दारातून आतबाहेर करत होती. ती हसली होती की त्यांना! म्हणाली होती, अरे वेड्यांनो... आता ते आठवून तिचेच कान तापले.

तिनं सिंधूला दाराशी नेलं आणि त्या कागदावर बोट ठेवलं. सिंधूनं कागदाकडं पाहिलं, बाईकडं पाहिलं. तोंडावर भीती नाही, लाज नाही.

“बाई, ह्यो धडा आजून झाला न्हाई.”

मधल्या सुट्टीत तिनं एकेकाला दाराशी उभं केलं. तेरा जणांनी अडखळत का होईना, वाचलं. नऊ जणांना जमलं नाही. वर्गात पुस्तकं पाच. पाट्या पुसायला पाणी नाही, म्हणून दिवाळीपासून लिहिणं जवळजवळ बंदच. मग उरलं काय, तर बाईनं म्हणायचं आणि पोरांनी मागून एका सुरात म्हणायचं. सूर असा लागायचा की रस्त्यानं जाणारी माणसं थांबून ऐकायची. तिला त्याचा अभिमान होता – होता कशाला, आज सकाळपर्यंत ती तो मिरवतच होती. दुष्काळावर ढकलायला काय लागतं? दुष्काळ काही उलट बोलत नाही.

बाबांचाही सूर असाच होता... उमरीकडची वस्ती, पौर्णिमा, समाजमंदिरात ग्यानोबा, म्हणजे तिचे बाबा, चोपडी हातात धरून वंदना म्हणत आणि अख्खी वस्ती मागून. त्यांनी धम्म घेतला त्याच साली ती जन्मली, म्हणून पंचशीला. दुसरीत होती, नुकती वाचायला लागलेली. बाबांना खेटून बसली आणि तिनं चोपडीत डोकावलं. पानावर छापखान्याचा पत्ता होता. नुसता पत्ता! आणि बाबा त्या पत्त्यावर नजर लावून अख्खी वंदना बिनचूक म्हणत होते. ती गप्प बसली, पुढंही कधी बोलली नाही. बापाची लाज राखली, याचा तिला आजवर आतून केवढा आधार वाटत आलेला.

अमृतराव दोनदा डोकावून गेले. माणूस वाईट नाही. आंबेहळदीचा लेप पायाला लावून दोन कोस चालत शाळेत येणारा. नऊ पोरांचं ऐकून ते खुर्चीवर बसलेच. हळूच म्हणाले, “बाई, तेरा लिवलं तर तुमची बदली तर गेलीच, वर ठपका. पोरं शिकतीलच की पुढं. सवताच्या लेकराला कामून ताटकळत ठिवता?”

ते म्हणाले ते खोटंही नव्हतं. तिनं पेनाचं टोपण काढलं आणि तक्ता पुढं ओढला. आज गिरवावं, उद्यापासून शिकवावं... पण उद्या शिकवायचं कुणाला, कागदावर तर सगळ्यांना येतंय!

लांबून जीपचा आवाज आला. पोरं आपसूक रांगेत बसली. सिंधू तेवढी टेबलाशी आली, पुस्तक बाईसमोर उघडं धरून.

“बाई, सायबाफुडं कंचा धडा वाचू? मला येतो त्योच सांगा.”

म्हणजे पोरीला ठाऊक होतं. आपल्याला काय येतं आणि काय येत नाही, ते तिला चांगलं ठाऊक होतं, आणि ती बाईपासून काही झाकतही नव्हती.

...वंदना संपल्यावर बाबांनी चोपडी मिटली नव्हती. माणसं उठून गेली तरी त्यांनी ती तशीच उघडी तिच्यापुढं धरली होती, कितीतरी वेळ. “बघ की गं,” एवढंच म्हणाले होते. आणि ती ‘बघितलं’ म्हणून खेळायला पळाली. लाज राखायला त्यांनी सांगितलंच कधी होतं? ‘मला शिकव’ हे आठ वर्षांच्या लेकीला आणखी कसं सांगणार होते ते?

जीप पारापाशी थांबली. अमृतराव टोपी सारखी करत बाहेर धावले. पेनाची शाई निबावर वाळत चालली होती. समोर सिंधू पुस्तक तसंच उघडं धरून उभी होती.