ब्रदर ओस्विनचं कण्हणं

आमच्या गावच्या पडक्या मठाची माहिती क्लेमंट गेज सांगतो. दर शनिवारी, अडीच वाजता. मी तिथेच चहाचं दुकान चालवते, त्यामुळे कुठे त्याचा आवाज चढणार आणि कुठे खिशातून रुमाल निघणार, हे मला पाठ आहे. सगळ्या नॉरफोक परगण्याचा इतिहास आपल्या एकट्याच्या खांद्यावर आहे, असं त्याला मनापासून वाटतं. तशी एक पुस्तिकाही त्याने छापली आहे. तिच्या बऱ्याच प्रती माझ्या दुकानात साखरेच्या डब्यामागे पडून असतात.

त्याच्या कथेचा कळस असा: राजाची माणसं मठ मोडायला आली, तेव्हा ब्रदर ओस्विन नावाचा साधू मठाची घंटा कवटाळून दलदलीत शिरला आणि बुडाला. दर वसंतात तो अजून कण्हतो. एवढं बोलून क्लेमंट बोट वर करून गप्प उभा राही. आणि दैव बरं असलं, तर बोरूच्या बनातून खरोखरच आवाज येई. रिकाम्या पिंपात कुणी फुंकर घालावी तसा. घुम्म! पोरं आईला चिकटत.

"बिटर्न आहे तो," मागून थर्झा लार्टर म्हणे. "बगळ्याचा चुलतभाऊ. बायको शोधतोय बिचारा."

थर्झा त्या बनातला बोरू कापते, घरं शाकारायला. ती आणि क्लेमंट शाळेत एका बाकावर बसायचे. आज दोघंही सत्तरीच्या पुढे आहेत, पण भांडण अजून त्याच बाकावरचं.

"घंटा झेपत नव्हती, तर उचलली कशाला म्हणते मी?"

"श्रद्धा, थर्झा! श्रद्धा म्हणतात त्याला!"

"बेडूक गिळतो रे तुझा साधू. मी या डोळ्यांनी पाहिलंय."

मग एका वर्षी आवाज आलाच नाही. मार्च गेला, एप्रिल अर्धा सरला. क्लेमंट बोट वर करून उभा, आणि समोर नुसता वारा. एक बाई घड्याळ बघून म्हणाली, "साधू सुटीवर गेला वाटतं." लोक हसले. त्या दिवशी क्लेमंटने माझ्याकडची केकची फोड अर्धी तशीच टाकली. मी ओळखलं, घाव वर्मी बसलाय.

पुढच्या शनिवारी कथा ऐन रंगात असताना तो म्हणाला, "अरेच्चा, वेशीची किल्ली विसरलो. आलोच पाच मिनिटांत." आमच्या वेशीला नुसती कमान उरलीय. दार गेलं त्याला चारशे वर्षं झाली. थोड्या वेळाने बनातून आवाज आला. घुम्म! लोक थरारले. थर्झाने माझ्याकडे पाहिलं, मी किटलीकडे पाहिलं.

"पक्ष्याला दमा झालाय," ती म्हणाली.

पण गर्दीत एक दुर्बीणवाला होता. त्याने ही बातमी सगळ्या पक्षीवेड्यांना कळवली. पुढच्या शनिवारी सकाळीच चाळीसेक माणसं बांधावर ओळीने येऊन बसली, तीन पायांच्या दुर्बिणी रोवून.

क्लेमंट घाबरला. बनात त्याने फुंकायचा मातीचा बुधला आणि पन्हळीचा तुकडा दडवून ठेवला होता. ते काढून आणायला तो मागच्या बाजूने शिरला, आणि कमरेपर्यंत चिखलात रुतला. हाक मारावी तर चाळीस दुर्बिणी आपल्यावर वळणार. तासभर तो तसाच उभा होता. शेवटी थर्झाची होडी त्याला दिसली. बोरूच्या उरल्यासुरल्या मोळ्या ती घेऊन चालली होती.

"ब्रदर ओस्विन ना?" तिने विचारलं. "घंटा कुठाय?"

"थर्झा, देवाशपथ, हसू नकोस."

तिने त्याला ओढून होडीत घेतलं, वर मोळ्या रचल्या आणि होडी बांधाकडे वल्हवली. दुसरी वाटच नव्हती.

बांधावरच्या एका म्हाताऱ्याने विचारलं, "बाई, आवाज आला का हो आज?"

"घसा बसलाय त्याचा."

म्हातारा हसला. मग म्हणाला, "माझे वडील इथेच बोरू कापायचे. या पक्ष्याबद्दल सांगायचे नेहमी. मी आयुष्यात कधी ऐकला नाही. सहा तास गाडी हाकत आलोय. बसतो संध्याकाळपर्यंत."

थर्झाने वल्हं खाली ठेवलं. आणि मोळ्या हलल्या. केसांत बोरू, कमरेपर्यंत चिखल, हातात बुधला अशा थाटात क्लेमंट होडीत उभा राहिला.

"तो मी होतो," तो म्हणाला. "पक्षी नव्हताच. माफ करा मला."

दोघा-चौघांनी रागाने दुर्बिणी आवरल्या. म्हाताऱ्याने मात्र बराच वेळ त्या बुधल्याकडे पाहिलं.

"वडील सांगायचे तो आवाज कसा असतो, ते कळेल तरी. वाजवा बघू."

क्लेमंटने वाजवला. इतका वाईट तो आधी कधीच वाजला नव्हता. आधी म्हातारा हसला, मग सगळे. माझे केक त्या दुपारी दोनदा संपले. जाताना म्हातारा आपला पत्ता माझ्याकडे ठेवून गेला.

थर्झाने मात्र त्याला सोडलं नाही. "आवाज का गेला, माहीत आहे? बनात विलोची पाणीखाऊ झाडं माजलीत, पाणी आटलंय. चर मोकळे केल्याशिवाय तो येत नसतो. डिसेंबरात कोयता घेऊन ये."

"माझी पाठ..."

"घंटा उचलणाऱ्यांचे वंशज ना तुम्ही?"

तो गेला. दोन हिवाळे बर्फगार पाण्यात उभा राहून त्याने झाडं तोडली, चर उपसले. रोज कुरकुरला, पण एक दिवसही चुकला नाही. कापताना तो तिला मठाचा इतिहास सांगे. तिने मला सांगितलं, "ऐकते गं. दुसरं करणार काय, कान काही काढून ठेवता येत नाहीत."

तिसऱ्या वसंतात, एका मंगळवारी, आवाज आला. खरा. क्लेमंट तेव्हा दातांच्या डॉक्टरकडे होता.

थर्झाने होडी तिथेच बांधली आणि जेवायलाही घरी गेली नाही. तो परतला तो अर्धा गाल बधिर, ओठ लोंबता. तिने त्याला दंडाला धरून बांधावर बसवलं. दीड तास दोघं न भांडता बसले होते.

घुम्म.

क्लेमंटने काहीतरी म्हणायचा प्रयत्न केला. तोंडातून नुसते बुडबुडे आले. त्याने रुमाल काढला, आणि या वेळी तो कथेसाठी नव्हता.

"काय म्हणतोय हा?" मी विचारलं.

"म्हणतोय," थर्झा बनाकडे बघत म्हणाली, "की त्या म्हाताऱ्याला लगेच कळवा."