हरिदासभाऊंचा पाटील

हरिदास रामटेके आयुष्यात एकदाही नायक झाले नाहीत. आमच्या झाडीपट्टीच्या नाटकांत नायक दर दोन वर्षांनी बदलायचे. गळ्यात मफलर घालून यायचे आणि मफलरसकट निघून जायचे. हरिदासभाऊ मात्र बावीस वर्षं जागच्या जागी. सावकार, फौजदार, दिवाणजी, आणि मुख्य म्हणजे पाटील. मी प्रॉम्प्टर. विंगेत वही धरून बसायचो, पण भाऊंच्या पाटलाला माझी गरज कधी पडली नाही. खरं सांगायचं तर त्याचा मला थोडा रागच यायचा.

तो पाटील त्यांना बापाकडून मिळाला होता. उमाजी आरमोरीकडच्या एका गावात पाटलाच्या अंगणात कडेला उभे राहून हुकूम झेलायचे. घरी आले की पाटील कसा खाकरतो, पायावर पाय टाकून कसा बसतो, बोलण्याआधी मिशी कशी चाचपतो, ते पोरांना करून दाखवायचे. छप्पन साली चांद्याला बौद्ध धम्माची दीक्षा घेतली आणि त्यांनी ते काम सोडलं, गावही सोडलं. बल्लारपूरला येऊन मजुरी केली. आता म्हातारे होऊन घरीच असायचे.

चौऱ्याऐंशी साली दिवाळीनंतरच्या मंडईला, म्हणजे गावजत्रेला, नेमकं त्याच गावाचं बोलावणं आलं. हरिदासभाऊ मला म्हणाले, "माह्या बापाले त्या गावानं कधी बस म्हटलं नाई. त्याच्यासाठी एकदा मी बसतो तिथी." निघताना म्हाताऱ्याला तसं सांगूनच आले होते.

नाटकाचं सामान गावातूनच मागून आणायची आमच्याकडे रीत. कंदील, बंदूक, खुर्ची, सगळं. खुर्ची आणि बंदुकीसाठी मी भैयाजी पाटलांकडे गेलो. उमाजी ज्यांचे हुकूम झेलायचे, त्या जुन्या पाटलांचा हा मुलगा. त्यांनी हौसेनं बापाची शिसवी खुर्ची काढून दिली आणि कोण बसणार म्हणून विचारलं. आमचे हरिदासभाऊ, मी म्हणालो. आडनाव गिळलं. खुर्ची हातची जाऊ नये, एवढाच विचार केला. त्याची लाज मला आजही वाटते.

भाऊ पायावर पाय टाकून खुर्चीत बसले, खाकरले, मिशी चाचपली, आणि पुढच्या रांगेत भैयाजींनी डोळ्यांना उपरणं लावलं. अंक संपताच ते स्वतः स्टेजवर चढले. अख्ख्या गावासमोर भाऊंच्या अंगावर शाल घातली आणि म्हणाले, "हुबेहूब माहा बाप." भाऊंनी नुसते हात जोडले. त्यांच्या जागी मी असतो तर तिथल्या तिथे सगळं बोलून मोकळा झालो असतो.

सकाळी चहाच्या टपरीवर एका म्हाताऱ्यानं भाऊंना ओळखलं. हा तर उमाजीचा पोरगा. चहा संपायच्या आत ही गोष्ट गावभर झाली.

खुर्ची रात्रीच पोचती केली होती; भाऊ आणि मी बंदूक परत करायला भैयाजींकडे गेलो. अंगणात त्यांची बायको गोकुळाबाई बादलीभर पाणी घेऊन खुर्ची धूत होती. भैयाजी ओसरीवर होते. घरातल्या बाया ऐकत नाहीत, असं काहीतरी ते खाली मान घालून पुटपुटले. मी तोंड उघडणार, तोच भाऊंनी माझा हात दाबला.

त्यांनी अंगावरची शाल काढली, नीट घडी केली आणि ओसरीच्या कडेला ठेवली. मग गोकुळाबाईंपुढे ओंजळ धरून म्हणाले, "बाई, माह्या हातावरबी पाणी टाका."

ती गोंधळली. लोटा भरून तिनं वरून पाणी सोडलं. भाऊंनी कोपरापर्यंत हात धुतले, तोंड धुतलं, पाय चोळून चोळून धुतले. घाई मुळीच नव्हती. लोटा रिकामा झाला की ते पुन्हा हात पुढे करत आणि ती पुन्हा भरून ओतत होती.

"पुरे की आता, भाऊ," भैयाजी म्हणाले.

"रातभर पाटील होतो," हरिदासभाऊ शांतपणे म्हणाले. "घरी माहा बाप वाट पाहून राह्यला. त्याच्यापुढे असाच कसा जाऊ?"

गोकुळाबाईंनी लोटा खाली ठेवला. आम्ही निघालो, तेव्हा भाऊंच्या हातांवरून अजून पाणी गळत होतं, आणि ते त्यांनी पुसलं नाही.