सहावी जोडी

स्क्रीनवर अठरा पावलं होती. नऊ डावी, नऊ उजवी. नखं शहाऐंशी, चार गेलेली. भाजल्याचे डाग सात पावलांवर. चेहरा एकही नाही, नाव एकही नाही.

देवश्रीताईंच्या फिल्मचं सूत्रच ते होतं. उरल्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या, लोखंडी सळया बनवणाऱ्या एका रोलिंग मिलमधल्या नऊ कामगारांच्या पाठी, मनगटं, गुडघे, पावलं त्यांनी वर्षभर चित्रित केली. "नाव कळलं की आपण शरीर बघायचं सोडतो," असं त्या म्हणायच्या. म्हणून कोणतं पाऊल कोणाचं, हे आम्ही मुद्दामच कुठे लिहिलं नाही. मी त्यांची साहाय्यक, शिक्षण भौतिकशास्त्राचं. प्रत्येक पावलाशेजारी फूटपट्टी ठेवायचा हट्ट माझा. एडिटिंगमध्ये ती कापायचं ठरलं होतं.

त्या दुपारी समता कॉलनीतल्या आमच्या एडिटिंगच्या खोलीत वनमालाकाकू बसल्या होत्या. त्यांचा मुलगा निरंजन त्या नऊ जणांपैकी एक. दिवाळीत वडिलांशी भांडून तो घर सोडून गेला होता. मंगळवारी मिलमधली भट्टी फुटली, दोघं गेले. एकाची ओळख पटली. दुसऱ्याचं बुटात राहिलेलं डावं पाऊल तेवढं शाबूत होतं. निरंजननं काम केव्हाच सोडलं, असं ठेकेदार सांगत होता. फोन बंद. शवागारात अनंतराव, काकूंचे यजमान, गेले होते. काकू तिथे जायला तयार नव्हत्या.

"नावं काहून नाही लिहिली?" त्यांनी विचारलं.

"फिल्मच तशी आहे, काकू."

"पोट्टा घरी सांगे, आई, मी हिरो झालो. अन् तुम्ही त्याचं थोबाडच नाही घेतलं!"

मी आधी पाठी दाखवल्या.

"पाठ कशी ओळखू? सातवीपासून दार लावून आंघोळ करे तो."

मग पावलं. एकेक जोडी. सहाव्या जोडीला काकूंनी आपला डावा पाय खुर्चीखाली ओढून घेतला.

"नाही. पुढचं दाखव."

नववी जोडी संपली. "यात नाही माझा निरंजन."

"पण काकू, या नऊ जणांत तो आहेच," ताई हळू म्हणाल्या.

"नाही म्हटलं ना!"

तेवढ्यात अनंतरावांचा फोन आला. मी स्पीकर लावला.

"मले काही समजून नाही राहिलं. पोराचं पाऊल कधी पाहिलं होतं मी? तू सांगितलं तशी फूटपट्टी लावायला लावली, बेटा. अंगठ्याच्या बाजूचं बोट अंगठ्याहून मोठं आहे. सात मिलिमीटर." थोडं थांबून त्यांनी विचारलं, "वनमाला काय म्हणते? नाही ना तो?"

फोन कट झाला.

काकूंनी चप्पल काढली आणि डावा पाय पुढे केला. अंगठ्याशेजारचं बोट अंगठ्याच्या पुढे गेलेलं होतं.

"घरात माझं अन् त्याचंच असं," त्या म्हणाल्या. "सहावं मोज."

ताईंनी स्क्रीनकडे पाठ केली.

मी आधी पट्टीवरच्या एका सेंटीमीटरचे पिक्सेल मोजले, मग डाव्या पावलाच्या बोटांचे. तीनदा मोजले.

सात मिलिमीटर. मोजण्यात चूक असलीच तर फार तर अर्ध्या मिलिमीटरची.